सातव्या माळेपर्यंत

“बसा वायच, ताई. सीझन आसा मां, येळ लागतलो.”

कंपाउंडर हे इतक्या सहज म्हणाला की आधी मला काही वाटलंच नाही. नंतर मात्र तापाच्या गुंगीत तो शब्द डोक्यात घुमत राहिला. आमच्याकडे सीझन म्हणजे आंबा. “सीझन कसो झालो?” असं कुणी विचारलं तर पेट्या किती गेल्या, दर काय मिळाला, एवढंच त्यात अभिप्रेत असतं. अलीकडे मालवणात, तारकर्लीत पर्यटकांचाही सीझन असतो. पण तापाचा सीझन? दवाखान्याच्या पडवीत बाकावर आम्ही अकराजण होतो. एक म्हातारे आजोबा भर दुपारी कानटोपी घालून, एक मुलगी आईच्या मांडीवर निपचित, आणि एक खलाशी. तो तर हात डोक्याला लावून असा बसला होता की जणू होडीच बुडाली. समोर अंगणात ऊन रणरणत होतं आणि कौलांवरून सकाळच्या सरीचं पाणी अजून टपटपत होतं. कंपाउंडर कागदाच्या चौकोनात गोळ्या बांधत होता. चेहऱ्यावर गर्दीच्या दिवशीच्या दुकानदाराचा उत्साह. वाईट नव्हता हो तो, उलट फार मायाळू. पण सीझन आला होता आणि तो धंद्याच्या लगबगीत होता, हे खरंच.

गणपतीला म्हणून ठाण्याहून आले होते. पाच दिवसांनी विसर्जन झालं, भाऊ-वहिनी परतले, मी आईजवळ राहिले. “म्हाळ होईपर्यंत रव,” ती म्हणाली. आमच्याकडे पितृपक्षाला म्हाळ म्हणतात. मला ते दिवस नेहमीच विचित्र वाटत आलेत. सण नाही, सुतकही नाही. पाऊस गेला म्हणावं तर संध्याकाळी ढग गडगडून येतात, आणि आहे म्हणावं तर दुपारी डोकं तापून दुखायला लागतं. पहाटे मात्र अंगणातल्या तुळशीवर, दांडीवर विसरलेल्या टॉवेलवर दंव. चार महिने कोंदट पडलेलं घर आई त्या आठवड्यात उलटंपालटं करते. गाद्या, उशा, गोधड्या खळ्यात येतात. लाकडी कपाटातून बाबांचा जुना चामड्याचा पट्टा निघतो. त्याच्यावर बुरशीची हिरवट पांढरी पूड असते आणि ती पुसताना आईला दरवर्षी शिंका येतात. यंदा गाद्या मी बाहेर काढल्या, दुपारभर उन्हात उभी राहून बडवल्या, घाम आला तसा गार पाण्याने अंघोळ केली, आणि रात्री उकडतंय म्हणून लोट्यावर, म्हणजे ओसरीवर, पंख्याखाली चटई टाकून झोपले. पहाटे तीनला दात वाजत होते.

पहिले दोन दिवस अंग ठणकत होतं. हाडं कुणी वेगळी करून पुन्हा जोडतंय असं वाटायचं. आईने आटवल, म्हणजे मऊ भात, केली, वर मीठ आणि कोकमाच्या आगळाचे चार थेंब. तोंडाला चव नसल्यामुळे आगळाचा आंबटपणा तेवढा कळत होता, बाकी सगळं लाकडासारखं. खिडकीतून सातविणीचा वास यायचा. तो वास सांगून कळत नाही. दुरून गोड, जवळ गेलं की उग्र. तापात तर मळमळायला लावणारा. नेमका याच दिवसांत तो झाडभर फुलतो. डॉक्टरांनी रक्त काढलं: मलेरिया, डेंग्यू, लेप्टो, तिन्ही तपासायला. दुसऱ्या दिवशी तिन्ही ‘नाही’ आले. “व्हायरल,” डॉक्टर म्हणाले. पूर्वी आजी ज्याला ‘हवा बदलली’ म्हणायची त्याचं हे इंग्रजी नाव असावं, असा मला संशय आहे.

आजीची आठवण आली ती त्या लोट्यावरच्या चटईमुळे. आमच्या जुन्या घराला माजघर, त्याच्या बाजूला वळई, पुढे लोटा आणि लोट्याखाली खळं. पावसाळाभर आम्ही सगळी पोरं माजघरात, चुलीच्या उबेला ओळीने झोपायचो. ओलं लाकूड धुमसायचं, डोळे चुरचुरायचे, भिंतीला आडोशाला बांधलेल्या झडींवर पाऊस आपटत असायचा. गणपती गेले की आम्हाला बाहेर झोपायची घाई. चांदणं पडलेलं असायचं. पण आजी हलू द्यायची नाही. म्हाळ संपून घट बसले की अंथरुणं वळईत यायची. दसऱ्यानंतर केव्हातरी लोट्यावर, तेही भिंतीच्या कडेला. खळ्यात झोपायची परवानगी थेट होळीनंतर. परतीचा प्रवासही तसाच. मृगाच्या आधी खळ्यातून लोट्यावर, पहिल्या सरींनंतर वळईत, आषाढ लागला की पुन्हा माजघर. एका रात्रीत दोन पायऱ्या तिने आम्हाला कधी ओलांडू दिल्या नाहीत. एकदा मी कोजागरीला हट्टाने खळ्यात झोपले, तर मध्यरात्री मला उचलून आत नेलं होतं. उठले तेव्हा अंगावर दोन गोधड्या आणि पायांना खोबरेल चोळलेलं.

तापात पडल्या पडल्या मोबाइलवर वाचण्याखेरीज काम नव्हतं. आयुर्वेदात ‘ऋतुसंधी’ असा शब्द आहे हे आपण शाळेपासून ऐकतो. पण वाग्भट या जुन्या ग्रंथकाराने तिचा हिशेब किती बारीक मांडलाय हे मला आता कळलं. सरत्या ऋतूचे शेवटचे सात दिवस आणि येत्या ऋतूचे पहिले सात. या चौदा दिवसांत जुनी राहणी थोडी थोडी सोडायची, नवी थोडी थोडी धरायची. एकदम सोडलं किंवा एकदम धरलं तर त्यातूनच रोग होतात, असं त्याचं म्हणणं. मी बोटं मोजली. वर्षा म्हणजे श्रावण-भाद्रपद, शरद म्हणजे आश्विन-कार्तिक. मग त्यांच्यामधली संधी म्हणजे म्हाळाचा शेवटचा आठवडा आणि नवरात्राच्या सात माळा. मी चटई कधी टाकली होती? द्वादशीच्या रात्री. म्हणजे वाग्भटाच्या दाराच्या उंबरठ्यावर नेमकी आडवी.

शरदाबद्दल जुन्या वैद्यकात फार मजेची वचनं आहेत. शरद ही वैद्यांची आई आणि वसंत त्यांचा बाप, असं एक सुभाषित आहे. माझा कंपाउंडर ज्याला सीझन म्हणत होता त्याला इतकं सभ्य नाव शेकडो वर्षांपूर्वीच मिळालेलं होतं तर! पुढे कार्तिकाचे शेवटचे आठ आणि मार्गशीर्षाचे पहिले आठ दिवस म्हणजे यमाची दाढ, असं शार्ङ्गधर हा दुसरा जुना ग्रंथकार सांगतो. त्या दिवसांत थोडकं खाणारा तगतो. बळाचाही हिशेब आहे: उन्हाळ्यात आणि पावसाळ्यात माणूस सगळ्यात क्षीण, थंडीत सगळ्यात तगडा, शरद-वसंतात मधला. म्हणजे शरदात बळ परत येऊ लागलेलं असतं, आणि तरीही वैद्याची आई तीच. कारण पावसाळ्यात साठलेलं पित्त अचानक पडलेल्या उन्हाने उसळतं. पित्ताचं खरंखोटं मला ठरवता येणार नाही. पण चार महिने ओलसर अंधारात राहिलेल्या अंगावर ते ऊन कसं पडतं, ते गादी बडवताना मानेला कळलं होतं.

याच्या शेजारी आजच्या विज्ञानातलं एक काम ठेवते. 2015 मध्ये केंब्रिजच्या संशोधकांनी वेगवेगळ्या देशांतल्या सोळा हजारांहून अधिक लोकांचे रक्ताचे आणि चरबीच्या पेशींचे नमुने पाहिले. त्यांना दिसलं की आपल्या जवळजवळ पाव जनुकांचं काम ऋतूप्रमाणे कमीजास्त होतं. त्यांत रोगप्रतिकाराशी संबंधित जनुकं पुष्कळ. युरोपातल्या लोकांत हिवाळ्यात दाह वाढवणारी जनुकं जागी होतात. ते थंडीचे देश, तिथे सर्दी-फ्लूचे दिवस तेच. मी मात्र थांबले ती गांबियाच्या नोंदीवर. आफ्रिकेच्या पश्चिम किनाऱ्यावरचा हा चिमुकला देश. तिथे बर्फ नाही, थंडी नाही, जून ते ऑक्टोबर पाऊस आणि डास. तिथल्या लोकांच्या रक्तातल्या प्रतिकाराच्या पेशी पावसाळ्यातच वाढलेल्या सापडल्या. म्हणजे रक्तालाही आपापल्या गावचा पाऊस कळतो. कोकणातलं रक्त कुणी असं मोजलं असतं तर काय दिसलं असतं, याचा अंदाज करायला मला फार कष्ट पडत नाहीत. आपल्याकडे बहुतेक ठिकाणी फ्लूदेखील पावसाळ्यातच जोर करतो, श्रीनगरकडे तेवढा हिवाळ्यात.

मग ‘ऋतू बदलला की प्रतिकारशक्ती कमी होते’ हे जे आपण एकमेकांना सांगतो, ते कितपत खरं? मला वाटतं, निम्मं. नाकाचा आतला भाग उरलेल्या शरीरापेक्षा थंड असतो. त्याच 2015 साली येलमधल्या संशोधकांनी उंदरांच्या श्वासनलिकेच्या पेशींवर पाहिलं की 33 अंशांना सर्दीच्या विषाणूविरुद्धची पहिली फळी 37 अंशांपेक्षा ढिली पडते. उंदरांच्या पेशी म्हणजे काही माझं नाक नव्हे, पण पंख्याखाली पहाटेपर्यंत उघडं पडलेलं नाक त्या दिवशी मला फार आपलं वाटलं. मात्र दुसरं निम्मं असं की जो ताप, जी अंगदुखी आपण ‘अशक्तपणा’ म्हणून मोजतो, ती पुष्कळदा प्रतिकाराचीच धांदल असते. विषाणू सापडला की पेशी एकमेकींना निरोप धाडतात, त्या निरोपांनी मेंदूतला तापमानाचा काटा वर सरकतो, स्नायू दुखतात, भूक मरते, माणूस आडवा होतो. घरात कार्य असलं की स्वयंपाकघरात जशी कुणालाच कुणाकडे बघायला सवड नसते, तसंच काहीसं. एरवी शिस्तीत चालणारं घर त्या दिवशी विस्कटलेलं दिसतं.

आडवं व्हायला मिळालं तर.

हे सगळं मी पलंगावर पडून वाचत होते, हे मला विसरता येत नाही. आमच्या खिडकीतून मळा दिसतो. म्हाळातच हळवं, लवकर येणारं भात पिकतं. त्या चार दिवसांत संध्याकाळच्या सरींनी ते आडवं पडायला लागलं होतं, आणि बायका गुडघाभर चिखलात उभ्या राहून कापत होत्या. डोक्यावर ऊन, पायाखाली आषाढापासूनचं पाणी. दोन ऋतू एकाच अंगावर. ‘थोडं थोडं सोडा’ हे त्यांना कोण सांगणार? त्यांच्या बोटांच्या बेचक्यांत चिखल्या झालेल्या असतात. कातडी पांढरी पडून फाटते, रात्री त्यावर खोबरेल आणि हळद लावतात आणि सकाळी पुन्हा पाण्यात. लेप्टोचा जंतू उंदराच्या मुतातून त्या पाण्यात उतरतो आणि अशाच भेगांतून आत शिरतो. त्यापुढे प्रतिकारशक्तीच्या गप्पा फार लांबच्या वाटतात. आरोग्य खात्याच्या आशाताई शेताच्या बांधावर येऊन, लेप्टो होऊ नये म्हणून डॉक्सिसायक्लिनच्या गोळ्या देऊन जातात. काहीजणी घेतात. काहीजणींच्या पदराच्या गाठीत त्या तशाच राहतात, कारण रिकाम्या पोटी घेतल्या तर मळमळतं आणि मळमळलं तर कापणी राहते.

खालच्या वाडीतला एकजण असाच गेला. शाळेत माझ्या मागच्या बाकावर बसायचा, माझ्या वेण्या खिडकीच्या गजाला बांधायचा. सात-आठ वर्षं झाली. ताप अंगावर काढून तो चार दिवस भात कापत होता. दुकानातली तापाची गोळी घेतली की दोन तास बरं वाटायचं, तेवढ्यात एक कोपरा होऊन जायचा. पाचव्या दिवशी डोळे पिवळे झाले तेव्हा बायकोने हाय खाल्ली. दवाखान्यात नेलं, तिथून पुढच्या मोठ्या दवाखान्यात. परत आणलं ते दसऱ्याच्या आदल्या दिवशी. त्याचं उरलेलं भात वाडीतल्या लोकांनी कापून झोडून दिलं. मी तेव्हा ठाण्यात होते. फोनवर ऐकलं, ‘अरेरे’ म्हटलं, आणि एसी चोवीसवर लावून झोपले. त्या खोलीत बाराही महिने चोवीसच असतात. तिथे मृग कधी येतो ते छत्री शोधताना कळतं.

चौथ्या दिवशी ताप उतरला. अंग हलकं, रिकामं, धुऊन वाळत घातल्यासारखं. आई पाटावर बसून कुळीथ निवडत होती. मी तिला मोठ्या उत्साहाने सगळं सांगितलं. वाग्भट, चौदा दिवस, म्हाळ आणि माळा, माजघर-वळई-लोटा. आजीला हे सारं कसं न शिकता ठाऊक होतं, असं म्हणताना माझा गळाही जरा भरून आला असावा. आईने सूप खाली ठेवलं.

“अगो, घर गळायचा. म्हणान माजघरात निजूक लागायचा. शास्त्र खंयचा घेवन बसलंस?”

आणि मग ती हसायला लागली. लोट्यावरचे नळे, म्हणजे कौलं, दरवर्षी वानर फोडायचे, ते शाकारायला माणूस मिळायचा नवरात्रात, भातकापणीतून सवड झाली की. वळईवरचं छप्पर त्यातल्या त्यात धड होतं, म्हणून तिथे आधी. लोट्यावर दसऱ्यानंतर, कारण तोवर नळे बसवून व्हायचे. आणि खळ्यात होळीपर्यंत नाही, कारण खळं शेणाने सारवून झोडणीसाठी लागायचं, पुढे तिथे भाताची, मग कुळथाची वाळवण असायची. शिवाय गवतात फुरसं असायचं. एकेक कारण इतकं साधं की मी गप्पच झाले. श्रावणात आपण मासे का सोडतो, हेही तिने त्याच ओघात निकालात काढलं. आता 1 जून ते 31 जुलै सरकारी बंदी असते; तेव्हा बंदी नव्हती, पण खवळलेल्या दर्यात जाणार कोण? मिळायचेच नाहीत, म्हणून सुके बांगडे. ते श्रावणाला संपत आलेले असायचे, म्हणून शिवराक, म्हणजे शाकाहार. पेज का? तांदूळ पुरवायचे म्हणून.

जरा हिरमुसले, खरं सांगते. कोविडच्या काळात याच आजीच्या नावाने मी फॅमिली ग्रुपवर काढ्याच्या कृती टाकल्या होत्या. दालचिनी, मिरी, सुंठ, दिवसातून तीनदा, वैशाख वणव्यात. आतेभावाच्या तोंडात फोड आले होते आणि तो मला अजून ‘काढाबाई’ म्हणतो. बाटल्यांतून, पुड्यांतून ‘इम्युनिटी’ विकत घ्यायची तेव्हा जी झुंबड उडाली होती तिच्यात मीही होते. निदान आजी काही विकत तरी घेत नव्हती. पण रात्री पुन्हा विचार करताना वाटलं, गळकं छप्पर काय आणि वाग्भट काय, पोरं पायरी पायरीनेच बाहेर आली ना. आणि कोजागरीला मध्यरात्री मला उचलून आत नेलं ते? तेव्हा नळे बसून झाले होते. हे मी आईला विचारलं नाही. तिच्याकडे त्याचंही उत्तर असणार.

नवरात्र सरेपर्यंत राहिले. सहाव्या माळेला वळईत झोपले, मुद्दाम. आईने पाहिलं, काही बोलली नाही, नुसती एक गोधडी आणून पायाशी ठेवली. ती उन्हाने कडक झाली होती, तिला गरम धुळीचा वास येत होता.

दिवाळीला, आमच्या चावदिसाला पुन्हा गेले. पहाटे तुळशीपुढे डाव्या पायाच्या अंगठ्याने कारीट फोडलं, त्याची कडू बी जिभेला लावली. मग सातविणीच्या सालीचा रस. पूर्वी ही साल हिवतापावर द्यायचे. आताच्या काळात रसाचा काही उपयोग होतो की नाही यावर वाद घालायला भाऊ तयारच होता. आई वाटीभर रस एका दमात प्यायली, चेहऱ्यावर सुरकुती हलली नाही. मी दोन घोट घेतले आणि गोड पोह्यांकडे धावले. झाडाची फुलं संपत आली होती. वास विरळ झाला होता, आणि आता तो चांगला वाटत होता.

बाजारात जाताना वाटेत कंपाउंडर भेटला. दवाखान्यात नव्हता, आपल्या कलमांच्या बागेत उभा होता. बारा-पंधरा हापूसची झाडं आहेत त्याची, कुंपण चिऱ्याचं. हातात फवारणीचा पंप, पण तो चालू नव्हता. मान वर करून तो नुसता फांद्यांची टोकं न्याहाळत होता. टोकांना कोवळी तांबूस पालवी फुटली होती, माझ्या डोळ्यांना सुंदरच दिसत होती.

“बरा आसा मां आता?” त्याने विचारलं.

बरं आहे, म्हटलं. “आणि तुमचा सीझन?”

त्याला वाटलं मी आंब्याचंच विचारतेय. एक फांदी खाली ओढून त्याने पालवी माझ्यासमोर धरली. पाऊस दसऱ्यानंतरही पडत राहिला, जमीन सुकलीच नाही, झाडाला ताण बसला नाही. त्यामुळे मोहोराच्या जागी पानं येताहेत. आता ही पालवी निबर होईपर्यंत मोहोर लांबला. मध्येच ढग आले तर तुडतुडे, भुरी, करपा. त्याने हाताच्या पाठीने त्या कोवळ्या पानांना हलकेच स्पर्श केला. दवाखान्यात मांडीवरच्या त्या मुलीच्या कपाळाला लावला होता, अगदी तसा.

“थंडी पडाक व्हयी, ताई,” तो म्हणाला. “पण एकदम नको.”